चाळ नसलेला किहाची: ओझूच्या 'टोक्यो नो याडो'विषयी

प्रश्न थोडक्यात असा आहे: "जपानी दिग्दर्शक यासुजिरो ओझूचा 1935 सालचा मूकपट 'टोक्यो नो याडो' पाहिला. बेकार बाप दोन पोरांना घेऊन कारखान्यांच्या दारोदार फिरतो. पहिला अर्धा भाग तेच ते वाटला. शेवटी बाप चोरी करतो आणि पोरांना मागे ठेवून पोलिसांकडे जातो, हे तर अजिबात पटलं नाही. बोलपट आलेले असताना हा मुका का ठेवला? यात नेमकं पाहायचं काय? आणि दहा वर्षांच्या मुलीला दाखवावा का?"

गेली बरीच वर्षं मी फिल्म सोसायटीत आणि रसास्वादाच्या वर्गांत हा चित्रपट दाखवत आलो आहे. शेवट न पटलेले प्रेक्षक प्रत्येक वेळी भेटतात, आणि त्यांचं म्हणणं मला खोटं वाटत नाही. पण शेवटाकडे थेट गेलो तर तो हातात सापडत नाही. म्हणून आधी टोपीकडे वळतो.

किहाची हा लेथवर काम करणारा कारागीर, आपल्याकडे ज्याला टर्नर म्हणतात तो. बायको बरोबर नाही, काम नाही, राहायला घर नाही. थोरला झेन्को आणि त्याचा धाकटा भाऊ या दोघांना घेऊन तो टोक्योच्या पूर्वेकडच्या कारखान्यांच्या पट्ट्यात हिंडतो आणि रात्री धर्मशाळेसारख्या स्वस्त मुक्कामावर पाठ टेकतो. जपानीत अशा जागेला 'किचिन-याडो' म्हणत. 'किचिन' म्हणजे सरपणाचे पैसे. जुन्या काळी प्रवासी स्वतःचा शिधा आणून शिजवायचे आणि मालकाला फक्त लाकडांचे पैसे द्यायचे, त्यावरून हे नाव पडलं. चित्रपटाच्या नावातला 'याडो' तो हाच.

त्या दिवसांत पिसाळलेल्या कुत्र्यांचा बंदोबस्त चालू होता आणि मोकाट कुत्रं पकडून दिलं की थोडे पैसे मिळत. पोरांनी कुत्रं पकडलं की त्या दिवशी जेवण. कुत्रं दिसलं की या पोरांना भात दिसतो. आणि एक दिवस झेन्को त्या पैशांतून टोपी विकत घेतो. बाप चिडतो आणि धाकट्यालाही टोपी हवीशी वाटते. एवढाच प्रसंग. पण उपाशी मुलाला भाताऐवजी टोपी का घ्यावीशी वाटली, हे ओझू कुठेही सांगत नाही. झेन्को काही शहाणा, सोशिक, अकाली प्रौढ झालेला पोर नाही. तो पोर आहे, आणि त्याला टोपी हवी होती. गरिबीवरच्या कितीतरी चित्रपटांत मुलं इतकी समंजस असतात की ती मुलं राहतच नाहीत. इथे तसं होत नाही, आणि माझा या चित्रपटावरचा विश्वास तिथेच बसला.

मग गाठोडं. बाप पुढे जातो, गाठोडं घेऊन मागून या म्हणतो. दोन्ही भाऊ 'तू उचल, तू उचल' करत हट्टाला पेटतात आणि ते रस्त्यातच टाकून चालू लागतात. परत येऊन पाहतात तर गाठोडं गायब. यांच्याकडे होतं नव्हतं ते सगळं त्या एका गाठोड्यात होतं. त्यानंतर उरलेल्या पैशांत एक तर जेवण होईल, नाही तर रात्रीचं छप्पर. दोन्ही होणार नाही. बाप पोरांनाच विचारतो. पोरं अर्थातच जेवण म्हणतात. जेवण होतं, आणि मग पाऊस येतो.

तुम्हाला जे 'तेच ते' वाटलं ते या हिशेबाच्या बाजूने पुन्हा पाहा. कुत्रं की रिकामा हात, टोपी की जेवण, जेवण की छप्पर. प्रत्येक वेळी निवड आहे आणि दर वेळी ती आधीपेक्षा लहान होत जाते. बेकारीत दिवस असेच जातात. सकाळी तीच वाट, तेच गवत, तीच कारखान्यांची धुराडी. आमच्या एका प्रयोगाला पिंपरी-चिंचवडमधले एक निवृत्त टर्नर आले होते. चित्रपट संपल्यावर ते एवढंच बोलले, "गेटवरचा माणूस बरोबर दाखवलाय. आत मशिन आहे का, जागा आहे का, काय कळत नाही. त्यानं मान हलवली की संपलं." किहाचीला कारखान्याच्या दारावरून परत पाठवणारा तो दारवान फार थोडा वेळ दिसतो. इतकी वर्षं दाखवूनही मी त्याच्याकडे असं पाहिलं नव्हतं.

आता जागेबद्दल थोडं, कारण या चित्रपटात जागा फार बोलते. ओझूचा जन्म 12 डिसेंबर 1903 चा, टोक्योतल्या फुकागावा भागातला. तो सगळा भाग 1 सप्टेंबर 1923 च्या भूकंपात आणि त्यानंतरच्या आगीत बेचिराख झाला. चित्रपटात दिसतो तो त्याच बाजूचा सखल, भर घालून केलेला, कारखान्यांचा पट्टा: गॅसच्या टाक्या, तारांचे खांब, आणि मोकळ्या रानात पडलेले केबलचे रिकामे लाकडी ड्रम. हे ड्रम नीट पाहा. माणसं बसलेली असली की ते मागे असतात, माणसं उठून गेली तरी असतात. ओझूचा कॅमेरा जमिनीलगत असतो हे आता सगळ्यांना ठाऊक आहे. घरात तातामीवर, म्हणजे जपानी घरातल्या चटईवर, बसलेल्या माणसाच्या डोळ्यांशी त्याचा संबंध लावतात. इथे घरच नाही. उघड्या मैदानात तोच कॅमेरा खाली ठेवला की आभाळ अफाट होतं, आणि बाप-लेक त्याच्या तळाशी उरतात.

या मैदानातच या चित्रपटाचं मर्म आहे असं मला वाटतं. ते सांगायला मागचे चित्रपट घ्यावे लागतात. किहाची हे पात्र ओझूने एकदाच वापरलेलं नाही. 1933 च्या 'देकिगोकोरो'त तो पहिल्यांदा आला, मग 1934 च्या 'उकिगुसा मोनोगातारी'त, मग 1935 च्या 'हाकोइरी मुसुमे'त (हा आज उपलब्ध नाही), आणि मग इथे. नट तोच, ताकेशी साकामोतो. दर वेळी माणूस वेगळा, व्यवसाय वेगळा, पण नाव आणि स्वभाव तोच: अडाणी, भोळा, दारूचा शौकीन, बाईमाणसाच्या अडचणीला लगेच पाघळणारा, आणि पोरावर जीव टाकणारा.

'देकिगोकोरो'तला किहाची दारूच्या भट्टीत कामाला आहे आणि 'नागाया'त राहतो. नागाया म्हणजे एका ओळीत जोडलेल्या खोल्यांची वस्ती. तुम्ही-आम्ही तिला चाळच म्हणू. तिथेही गरिबी आहे. तिथेही पोर आजारी पडतं आणि दवाखान्याचे पैसे कुठून आणायचे हा प्रश्न येतो. पण तिथे शेजारचा न्हावी पैसे देतो. मित्र ते फेडायला होक्काइदोला मजुरीला जायला निघतो. मित्राऐवजी मीच जातो म्हणून किहाची बोटीवर चढतो. खाणावळवाली आहे, ती पोराला सांभाळेल. म्हणजे खिशात दमडी नसली तरी उसनवार आहे. कोणीतरी ओळखतं, कोणीतरी दार उघडतं.

दोनच वर्षांनी त्याच नटाला, त्याच नावाच्या माणसाला, त्याच संकटात ओझूने पुन्हा उभं केलं, आणि या वेळी त्याची चाळ काढून घेतली. 'टोक्यो नो याडो'त शेजार नाही. उंबरठा नाही. केबलचे ड्रम आहेत. माझ्या मते पैशाच्या टंचाईपेक्षा उसनवार संपल्यावर माणसाचं काय होतं, याचा हा चित्रपट आहे.

किहाचीसारखीच एक बाई, ओताका, लहान मुलीला घेऊन काम शोधत फिरते आहे. मुक्कामावर आणि मैदानात त्यांची गाठ पडते, पोरं एकत्र खेळतात. पावसाच्या रात्री किहाचीला जुनी ओळखीची ओत्सुने भेटते. ती त्याला आसरा देते, काम मिळवून देते. काही दिवस सगळं बरं चालतं. मग ओताका दिसेनाशी होते, आणि किहाचीला सापडते ती दारूच्या गुत्त्यात गिऱ्हाइकांचे पेले भरताना. तो तिला रागावतो. तेव्हा कळतं की तिची मुलगी आमांशाने दवाखान्यात आहे आणि खर्चाला पैसे नाहीत. किहाची ओत्सुनेकडे उसने मागायला जातो. ती नाही म्हणते. तिला वाटतं, हा पुन्हा दारूत उडवणार.

इथे थांबा. त्या सगळ्या शहरात किहाचीला ओळखणारी ही एकच व्यक्ती आहे. आणि ती त्याला ओळखते म्हणूनच नाही म्हणते. तिच्या जागी तुम्ही-मी असतो तर आपणही नाहीच म्हटलं असतं. ओत्सुने दुष्ट नाही. या चित्रपटात कोणीच दुष्ट नाही. फक्त जो शेवटचा एक दुवा उरला होता तो या प्रसंगी तुटतो. त्यानंतरची चोरी हा स्वभावातला दोष म्हणून येत नाही. तोवर चित्रपटभर चिल्लरीत चाललेला हिशेब आता अशा रकमेशी येऊन थांबतो जी कुत्री पकडून कधीच जमणार नाही.

पैसे तो पोरांच्या हाती ओताकाकडे पाठवतो, ओत्सुनेला पोरांना सांभाळायला सांगतो, आणि स्वतःहून पोलिसांकडे जायला निघतो. अखेरची पाटी (मूकपटात दृश्यांच्या मध्ये येणारा लिखित मजकूर) येते, तिचा आशय असा की अशा रीतीने एक जीव तारला गेला. तुम्हाला हे पटलं नाही. मला पाटी पटत नाही, शेवट पटतो. कारण पाटी जे म्हणते ते पडदा म्हणत नाही. पडद्यावर एक माणूस मोठ्या आभाळाखाली एकटा चालत जातो. त्या काळच्या शोचिकू कंपनीच्या चित्रपटांना प्रेक्षकाला थोडा दिलासा देऊन घरी पाठवायची रीत होती, आणि ती पाटी त्या रीतीतून आली असावी असं मी धरून चालतो. पाटी वाचा, पण तिला चित्रपटाचा निकाल समजू नका.

आणखी एक पाहा. 'देकिगोकोरो'तला किहाची बोटीवरून पाण्यात उडी मारतो आणि पोहत पोराकडे परत येतो. 'उकिगुसा'तला किहाची पोराला मागे ठेवून रेल्वेने निघून जातो. इथला पायी जातो, तुरुंगाकडे. तीन वर्षांत तीन चित्रपट, आणि बाप दर वेळी पोरापासून थोडा अधिक लांब जातो. ओझूचे वडील 1934 मध्ये वारले. लहानपणी त्याची आई मुलांना घेऊन मात्सुसाकाला राहायला गेली होती आणि वडील धंद्यासाठी टोक्योतच राहिले होते. या गोष्टींचा चित्रपटाशी सरळ धागा जोडायला मी धजावत नाही, पण दूर गेलेला बाप त्याच्या चित्रपटांत पुन्हा पुन्हा येतो एवढं खरं.

चोरी करणारा बाप आणि पाहणारं पोर म्हटलं की 1948 च्या इटालियन 'बायसिकल थीव्ह्ज'ची आठवण काढली जाते. तुलना चुकीची नाही, पण मला त्याहून जवळचा वाटतो तो मिकिओ नारुसेचा 'योगोतो नो युमे'. 1933 चा, याच शोचिकूचा मूकपट. त्यातही बेकार नवरा, दारूच्या गुत्त्यात काम करणारी बायको, अपघातात जखमी झालेलं पोर, आणि उपचारासाठी बापाने केलेली चोरी. तिथे नवरा पाण्यात जीव देतो, आणि बायको त्याला भित्रा म्हणते. रडत नाही, चिडते. ओझूच्या शेवटावर तुमचा जो राग आहे तो नारुसेच्या त्या बाईने आधीच बोलून दाखवलाय. हे दोन्ही लागोपाठ पाहिलेत तर तुमच्या प्रश्नाचं अर्धं उत्तर मिळेल. उरलेलं अर्धं माझ्याकडेही नाही.

आता मुकेपणाबद्दल. जपानचा पहिला यशस्वी बोलपट शोचिकूनेच 1931 मध्ये काढला, हेइनोसुके गोशोने दिग्दर्शित केलेला. तरीही जपानात मूकपट 1935-36 पर्यंत निघत राहिले. याचं एक मोठं कारण बेन्शी. पडद्याशेजारी उभं राहून सगळ्या पात्रांचे संवाद आणि निवेदन बोलणारे हे कलावंत, आणि काही जण तर नटांइतके लोकप्रिय. बोलपट आल्यावर त्यांच्या नोकऱ्या जाऊ लागल्या, 1932 मध्ये संप झाले. दिग्दर्शक अकिरा कुरोसावाचा थोरला भाऊ बेन्शीच होता. 1933 मध्ये त्याने आत्महत्या केली. 'टोक्यो नो याडो' तर पूर्ण मुकाही नव्हता. संवाद नाहीत, पण संगीत ध्वनिपट्टीवर आधीच मुद्रित, आणि असे चित्रपट आले की बेन्शीची गरज उरत नसे. काम गेलेल्या टर्नरची गोष्ट पडद्यावर, आणि पडद्याशेजारची जागा रिकामी.

ओझूचं स्वतःचं कारण वेगळं आणि फार माणुसकीचं होतं. त्याचा छायालेखक हिदेओ मोहारा स्वतःची ध्वनिमुद्रण यंत्रणा तयार करत होता. ती तयार झाली की पहिला बोलपट तुझ्याच यंत्रणेवर, असा शब्द ओझूने त्याला दिला होता. तो त्याने पाळला. 1936 चा 'हितोरी मुसुको' हा ओझूचा पहिला बोलपट मोहाराच्या यंत्रणेवरच झाला. ओत्सुनेची भूमिका करणारी चोको इइदा ही या मोहाराचीच बायको. उसने नाकारणाऱ्या बाईकडे कॅमेऱ्यातून पाहणारा तिचा नवरा होता, हे कळल्यापासून ते प्रसंग मी वेगळ्या नजरेने पाहतो.

पण कारण काहीही असो, मुकेपणाने चित्रपटाला एक असं दृश्य दिलं जे बोलपटात जमलं नसतं. गवतात बसलेत तिघे. पोटात काही नाही. झेन्को बापाला साके, म्हणजे तांदळाची दारू, ओतून देण्याचं नाटक करतो. रिकामा हात. बाप पेला ओठाला लावतो, चव घेतो, खूश होतो. मग पोरं न दिसणारा भात जेवतात. आता विचार करा: बोलपटात हे केलं असतं तर साके ओतल्याचा आवाज आला नसता, आणि त्या आवाजाच्या नसण्याने कानाने आधीच सांगून टाकलं असतं की हे खोटं आहे. मूकपटात खऱ्या दारूलाही आवाज नसतो. खरं जेवण आणि खोटं जेवण पडद्यावर अगदी सारखंच दिसतं. थोडा वेळ ते जेवतातच. वर्गात हे दृश्य मी कधीच थांबवून समजावत नाही. आधी बोलत नाही, नंतरही नाही.

श्रेयनामावलीत कथेखाली 'विन्थॅट मोने' असं परदेशी वाटणारं नाव दिसेल. असा लेखक कोणी नव्हता. ओझू आणि त्याचे पटकथालेखक तादाओ इकेदा आणि मासाओ आराता या तिघांनी मिळून घेतलेलं ते टोपणनाव. भरभर म्हणून पाहा: 'विदाउट मनी'.

ओताका झालेल्या योशिको ओकादाचं आयुष्यही या चित्रपटानंतर विलक्षण वळलं. जानेवारी 1938 मध्ये ती रंगभूमीवरच्या दिग्दर्शक र्योकिची सुगिमोतोबरोबर साखालिनच्या बर्फातून सीमा ओलांडून सोव्हिएत रशियात गेली. आश्रय मिळेल या आशेने. त्याला हेर ठरवून 1939 मध्ये गोळ्या घातल्या, तिला वर्षानुवर्षं तुरुंगवास झाला. जपानला ती पुन्हा आली ती थेट 1972 मध्ये. मैदानात मुलीचा हात धरून उभी असलेली ओताका पाहताना हे आठवल्याशिवाय राहत नाही.

आपल्याकडे या जातीचं काय होतं, असं लोक विचारतात. होतं. बाबूराव पेंटरांनी कोल्हापूरला 1925 मध्ये ह. ना. आपट्यांच्या कथेवर 'सावकारी पाश' केला. जमीन गमावून शहरात गिरणीत मजूर झालेल्या शेतकऱ्याची गोष्ट, आणि शेतकऱ्याच्या भूमिकेत तरुण व्ही. शांताराम. तो चित्रपट आज उपलब्ध नाही. 'टोक्यो नो याडो'च्या दहा वर्षं आधीचा. तो असता तर दोन्ही एका संध्याकाळी लावले असते, अशी फार इच्छा होती.

मुलीला दाखवा. दहा वर्षं हे अगदी योग्य वय आहे. झेन्को झालेला मुलगा तोमिओ आओकी तेव्हा साधारण बाराचा होता. 'तोक्कान कोझो', म्हणजे मुसंडी मारणारं पोरगं, हे ओझूच्याच 1929 च्या चित्रपटावरून पडलेलं त्याचं पडद्यावरचं नाव. मुलं त्याच्याशी चटकन जोडली जातात. तिला जपानी पाट्या वाचता येणार नाहीत आणि खालची इंग्रजी अक्षरं झरझर जातात, तेव्हा तुम्ही शेजारी बसून प्रत्येक पाटी मराठीत मोठ्याने म्हणा. घरचे बेन्शी व्हा. फक्त पाटीवर आहे तेवढंच म्हणायचं. 'बघ, बिचारे किती गरीब' असं काही जोडायचं नाही. टोपी आणि गाठोड्याचं भांडण तिला तुमच्यापेक्षा चांगलं कळेल. लहान मुलीच्या आजारपणाचा भाग तिला हलवेल, तेव्हा जवळ बसा. फोन दुसऱ्या खोलीत ठेवा. या चित्रपटात माणसं नुसती बसलेली असतात तेव्हाच बरंच काही घडतं, आणि नेमक्या त्याच वेळी हात फोनकडे जातो.

शेवट पाहून ती विचारेल की बाबा परत आला का. उत्तर चित्रपटात नाही, तेव्हा तुम्हीही बनवून देऊ नका. दुसऱ्या दिवशी 'देकिगोकोरो' लावा. त्यातला पोर बापाला कोडी घालत असतो. हाताला बोटं पाचच का? चार असती तर हातमोज्याचं एक बोट रिकामं राहिलं असतं म्हणून. समुद्राचं पाणी खारट का? त्यात खारवलेला मासा असतो म्हणून. बोटीवर किहाचीला हेच आठवतं, तो ते सगळ्यांना सांगत सुटतो आणि मग पाण्यात उडी घेतो. पोहत किनाऱ्याकडे येताना तो त्याच कोड्यावर हसतोय.